सात हजार दोनशे

३ जानेवारी

पोचले एकदाची. ट्रंकेचं कुलूप तुटलं नाही, लोणच्याची बरणी सांडली नाही आणि गाडीतून उतरले तर घ्यायला खरंच माणूस आला होता. माझ्या नशिबाच्या मानाने नोकरीची सुरुवात फारच झोकात झाली म्हणायची. घ्यायला आलेल्यांना इथे सगळे मामा म्हणतात. साठीचे, काटकुळे, आणि तोंडाची टकळी एकदा सुरू झाली की थांबायचं नाव नाही. झाडण्यापासून नळ्या धुण्यापर्यंत लॅबमधली सगळी कामं त्यांच्याकडे. घरी येईपर्यंत त्यांनी मला गावातल्या निम्म्या लोकांची साखर किती आहे ते सांगून टाकलं. गुपित राखायचं म्हणजे काय ते त्यांच्या गावी नाही.

लॅब म्हणजे डॉक्टरांच्या घराचा तळमजला. पुढे बाकं टाकलेली खोली, मग रक्त काढायची खुर्ची, मग मशीनची खोली, आणि सगळ्यात मागे माझी. तिथे पूर्वी डॉक्टरांच्या वडिलांचा बूट शिवायचा लहानसा कारखाना होता. जमिनीला जाड फळ्या, त्यावर चटई, एक खाट, एक खिडकी, आणि हवेत मंद गोडसर वास. जुन्या सोलांच्या चिकटवणीचा असावा. मला आवडला.

डॉक्टर स्वतः मवाळ. भुवया पांढऱ्या, बोलणं सावकाश. त्यांनी प्रमाणपत्रं नुसती चाळली आणि मी वरचेवर आजारी पडते का, ते मात्र तीनदा विचारलं. साधी सर्दीसुद्धा होत नाही म्हटल्यावर त्यांचा चेहरा खुलला. इतकं काय खुलायचं त्यात? पण ताई म्हणतेच, हिला पाणी दिलं तरी ही आधी पेल्याच्या तळाशी बघते. बरं, नाही बघत. आज मी खुशीत आहे.

५ जानेवारी

चेहरा का खुलला ते कळलं. गंमतच आहे.

मशीन बरोबर मोजतंय की नाही हे रोज सकाळी तपासावं लागतं. त्यासाठी, ज्यातला आकडा आधीच ठाऊक आहे असं रक्त हवं. मोठ्या लॅबमध्ये तशी तयार कुपी बाहेरून येते. इथे ती वाटेतच उन्हाने खराब होते, म्हणून डॉक्टरांनी फार वर्षांपूर्वी स्वतःची रीत काढली. लॅबमधल्या एका धडधाकट माणसाचं रक्त पहिल्या दिवशी मायक्रोस्कोपखाली हाताने मोजायचं. तो आकडा पक्का. मग रोज सकाळी त्याच माणसाचं थोडं रक्त मशीनला द्यायचं. मशीन काही वेगळं बोललं तर बाजूचा पितळी स्क्रू फिरवून त्याला वठणीवर आणायचं. ज्याचं रक्त, त्याला इथे ‘नॉर्मल’ म्हणतात.

आजपासून नॉर्मल मी. डॉक्टरांनी स्वतः मोजलं, मी पुन्हा मोजलं. पांढऱ्या पेशी सात हजार दोनशे. अगदी पुस्तकात छापावा असा आकडा. मामांनी लगेच मला नॉर्मलबाई म्हणायला सुरुवात केली. ताईला, माझ्या सख्ख्या बहिणीला, सांगितलं तर ती पोट धरून हसेल, कारण मला नॉर्मल म्हणणारी ही जगातली पहिलीच माणसं.

माणसाच्या पांढऱ्या पेशी दिवसभरातसुद्धा कमीजास्त होतात, असं आम्हाला शिकवलं होतं. मी चाचरत तसं म्हटलं. डॉक्टर म्हणाले की थोडं इकडेतिकडे होणारच, पण मशीन बिघडतं तसं निरोगी माणूस बिघडत नाही. पटलं नाही, पण दुसऱ्या दिवशीच अक्कल पाजळायची नसते.

२३ जानेवारी

कामाला हात बसला. सकाळी सातला मामा चहा देतात, खोलीत न येता, खिडकीच्या कट्ट्यावर ठेवून. मग माझं बोट, मग मशीन, मग स्क्रू. नंतर बाकं भरतात.

आज शिंपीणबाई आल्या. त्यांना कॅन्सर आहे. दूरच्या मोठ्या इस्पितळात दर तीन आठवड्यांनी औषधाची सलाइन लागते. ते औषध रोगाबरोबर पांढऱ्या पेशीही मारतं, आणि त्या पेशी म्हणजे अंगातली राखण. ती उठली की साधा तोंडातला जंतूही जीव घेऊ शकतो. म्हणून आधी इथे मोजणी करायची. आकडा चांगला असला तरच पुढची सलाइन. बाई दारातूनच विचारतात, की माझे शिपाई हजर आहेत का? आज तीन हजार सहाशे हजर होते. त्यांनी मला ड्रेस शिवून द्यायचं कबूल केलं आणि तिथेच गळ्यातली टेप काढून मापं घेतली. जिवावरचं दुखणं घेऊन बाई अशी हसते की आपल्यालाच लाज वाटावी.

१९ फेब्रुवारी

कपाट आवरताना रोजच्या मोजणीच्या जुन्या वह्या सापडल्या. माझ्या लगतच्या आधीच्या तीन नॉर्मलच्या.

पहिलीचं अक्षर गोल, ठसठशीत. आकडा सहा हजार आठशे. पुढचे सात महिने रोज सहा हजार आठशे. मग अक्षर बदलतं. दुसरीचा सात हजार पाचशे, पाच महिने. तिसरीचा सहा हजार नऊशे, नऊ महिने. कुणाचाही आकडा एकदासुद्धा हललेला नाही. हलणार कसा म्हणा, स्क्रू फिरवूनच लिहायचा तो. पण शेवटच्या आठवड्यांत तिघींचंही अक्षर लडखडतं, ओळ सोडून खाली उतरतं.

त्या कुठे गेल्या म्हणून मामांना विचारलं. एरवी सगळ्या गावाची साखर सांगणारा माणूस, नेमका इथे नळ्या धुवायला लागला. पहिली लग्नासाठी गेली म्हणे. दुसरीला इथली हवा मानवली नाही. तिसरीचं आठवत नाही. मागच्याच वर्षीची ती, आणि आठवत नाही!

१२ मार्च

गावात काहीतरी आहे. येईल त्याच्या पांढऱ्या पेशी दहा हजार, अकरा हजार. कुठे जंतू शिरला की पेशी वाढतात, तेव्हा डॉक्टरांनी साथ आहे असं ठरवलं आणि सगळ्यांना गोळ्या सुरू केल्या. पण ताप कुणाला नाही, खोकला नाही. कंबर दुखते म्हणून आलेला पोस्टमन, त्याचेही अकरा हजार. मला पाण्याचा संशय येतो. मी माझं पाणी उकळून घेते आणि कुणाकडचं काही खात नाही.

सगळ्या गावात चांगली मी एकटीच. सात हजार दोनशे.

४ एप्रिल

जिभेला आणि गालाला आतून फोड आलेत. खाणं म्हणजे शिक्षा झालीय.

दहा दिवसांपूर्वी काचेने अंगठा कापला होता. अजून लालभडक आहे, ठणकतो, पण पू झाला नाही. मामा म्हणाले, पू नाही म्हणजे जखम स्वच्छ आहे. मीही खूश झाले. माझं अंगच मुळात चिवट.

२० एप्रिल

शिंपीणबाई ड्रेस घेऊन आल्या. खांद्यावरून उतरला. त्यांनी पुन्हा टेप लावली. तीन बोटं कमी भरली. त्यांनी मला विचारलं की पोरी, मोजणी तुझी करायची का माझी? मी हसले. मग त्यांची केली. चार हजार एकशे. जानेवारीपेक्षाही जास्त! मलाच इतका आनंद झाला की रिपोर्टवर सही करताना मी मोठमोठ्याने शाबासकी दिली. उद्या त्यांना पूर्ण मात्रेची सलाइन लागेल.

त्या मात्र जरा थकल्या होत्या. दारातल्या चार पायऱ्या चढताना दोनदा थांबल्या.

माझ्या मांडीवर निळे डाग दिसतात. कुठे आपटले ते आठवत नाही.

६ मे

शिंपीणबाई गेल्या.

सलाइननंतर अकराव्या दिवशी ताप चढला आणि दीड दिवसात खेळ आटोपला. मोठ्या इस्पितळात शेवटी त्यांचं रक्त पुन्हा मोजलं. पांढऱ्या पेशी दोनशेसुद्धा नव्हत्या. तिथल्या डॉक्टरीणबाईंचा इथे फोन आला होता. आधीचा चार हजारांचा रिपोर्ट कुणी दिला, असं त्या विचारत होत्या. आमच्या डॉक्टरांनी शांतपणे सांगितलं की आमचं मशीन रोज तपासलेलं असतं.

तो रिपोर्ट मी दिला होता. सही माझी आहे. मला सकाळपासून रडू येतंय आणि सगळे म्हणतात की अशी माणसं जायचीच.

८ मे

काल रात्रभर एकच विचार. आज डॉक्टर वर जेवायला गेले तेव्हा मामांना खुर्चीत बसवलं आणि त्यांचं रक्त मशीनला दिलं. सव्वीस हजार. सव्वीस हजार म्हणजे माणूस तापाने फणफणलेला हवा. मामा आपले पाय हलवत गाणं गुणगुणत होते.

दुपारी डॉक्टरांना लाडीगोडी लावून त्यांचंही घेतलं. चोवीस हजार.

सगळं गाव आजारी आणि मी तेवढी धड, असं मी दोन महिने मानत आले. पण साथच नसली तर? रोज सकाळी जो फरक पडतो तो मशीनचा नसला तर? तो पितळी स्क्रू जानेवारीत मधोमध होता. आज मुद्दाम पाहिला. जवळजवळ शेवटाला टेकलाय.

९ मे

आज हाताने मोजलं. कपाटातून चौकोन आखलेली मोजणीची काच काढली, चारदा पुसली, माझं रक्त घातलं आणि डोळा लावला. चौकोनामागून चौकोन रिकामा. काच चुकली असेल म्हणून मामांचं मोजलं. सहा हजार नऊशे. ठणठणीत. पुन्हा माझं.

एक हजार आठशे.

म्हणजे माझं रक्त घटत गेलं आणि आम्ही रोज सकाळी मशीनला पढवत गेलो की हेच सात हजार दोनशे आहे. त्या मापाने सगळं गाव फुगलं. आणि शिंपीणबाईंचे खरे हजार-पंधराशे आम्ही चार हजार करून दाखवले. आम्ही नाही. मी. माझ्या रक्ताने आणि माझ्या सहीने.

अंगठ्याला पू का नाही ते आता कळलं. पू म्हणजे तिथे लढून मेलेल्या पांढऱ्या पेशी. माझ्याकडे लढायला कुणी गेलंच नाही.

११ मे

डॉक्टरांना सांगितलं. स्लाइड दाखवली. ते कितीतरी वेळ मायक्रोस्कोपला डोळा लावून बसले. मग म्हणाले की काचेला चरे पडलेत, बाईंच्या जाण्याने माझं मन हललंय, आणि हललेल्या मनाने मोजायला बसू नये. माझ्यासमोर पुन्हा मशीन चालवलं. सात हजार दोनशे. रिपोर्ट छापून माझ्या हातात दिला.

माझी स्लाइड मात्र त्यांनी पुसून टाकली. मी बघितलं. हे मानायचं तर मागच्या सगळ्या वर्षांचे सगळे रिपोर्ट चुकले म्हणायचे. बाई, आणि आणखी किती जण. ते मानणार नाहीत. मला वेडी ठरवणं सोपं आहे.

मामांना सांगितलं की मोठ्या इस्पितळात माझं रक्त पोचवा. त्यांनी नळी घेतली, खिशात घातली, हो म्हणाले. संध्याकाळी तीच नळी डॉक्टरांच्या टेबलावर.

१३ मे

का घटतंय? औषध मी कुठलंच घेत नाही. मोठा ताप आला नव्हता. खाणंपिणं नीट होतं, फोड यायच्या आधीपर्यंत. मग कुणी देतंय का काही? चहा! मामांचा चहा रोज सकाळी. आजपासून झाडाच्या कुंडीत ओतते.

मामा आत का येत नाहीत? डॉक्टरही दारातूनच बोलतात. चार महिन्यांत दोघांपैकी एकानेही या खोलीचा उंबरा ओलांडलेला नाही.

१५ मे

ताप. घसा आतून सोलल्यासारखा. पाणीही उतरत नाही.

हाताने मोजलं. सातशे.

बसने जायचं तर पन्नास माणसं, त्यातली दहा शिंकणार. नको. ताईला फोन केला. भाड्याची गाडी करून ये आणि मला इथून घेऊन जा, इतकंच सांगितलं. पुढचं सांगताना आवाज गेला. ती निघाली म्हणे. आईच्या मागे तिनेच मला वाढवलं. ती आली की सुटले.

१६ मे

दाराला आतून कडी लावली. खिडकीच्या फटीत कपडे कोंबले. पुढे बाकांवर सगळं गाव खोकत बसतं. ते आत यायला नको. कुणीच नको. डॉक्टर दार वाजवून गेले. मामाही. मी ओ दिली नाही.

ताप १०३.

१७ मे

वास वाढलाय. खोली बंद केल्यापासून फारच. गोड गोड. डोकं गरगरतं, भिंत जवळ येते आणि —

तोच वास. पहिल्या दिवशीपासूनचा.

खाट सरकवली. किती वेळ लागला कोण जाणे. चटई उचलली. खालच्या फळ्या ओल्या. पाणी नाही, बोट लगेच सुकतं. फळी उचकटली — खाली खड्डा — खड्ड्यात गंजलेली दोन पिंपं, एकाच्या बुडाशी भोक. पिंपावरचं नाव अजून वाचता येतं. बेन्झीन. चिकटवण पातळ करायचं.

शिकताना पाठ केलं होतं मी. बेन्झीन श्वासातून जातं आणि हाडातला मगज मारतं. पेशी बनतात तीच जागा.

चहात काही नव्हतं. बिचारे मामा. की नव्हते बिचारे? आत येत नव्हते ते दोघं. ठाऊक होतं? की नुसता वास सहन होत नव्हता म्हणून? गोल अक्षराची ती, या खाटेवर सात महिने —

आणि मी काल स्वतःच्या हाताने खिडकी बुजवली. कपडे ओढून काढते आहे. निघत नाहीत. जोर नाही.

१८ मे, सकाळ

एक फट मोकळी झाली. तोंड तिथे लावून बसलेय.

गाडीचा आवाज. ताई! ताईचाच आवाज.

खोकतेय ती. वाटेत पावसात भिजले म्हणतेय, ताप आहे थोडा, पण तुझ्यापुढे माझं काय —

तिला दारातून ओरडून सांगितलं की तोंडाला रुमाल बांध, लांब राहा, मला फक्त इस्पितळात ने, रक्त दुसरीकडे मोजायला लाव. घशातून हवाच येते नुसती. तिला ऐकू जात नाही.

डॉक्टर तिच्याशी बोलताहेत. सावकाश, मवाळ. कागद दिला वाटतं. ताई मोठ्याने वाचते. सात हजार दोनशे. मग मलाच समजावते. अगं बघ, छापलंय इथे, सगळं नीट आहे, मनाचे खेळ आहेत, गाडी परत पाठवते, चार दिवस मीच तुझ्याजवळ राहते, याच खोलीत, लहानपणी झोपायचो तसं —

नको. गाडी नको पाठवू. ताई, गाडी —

दाराखालून हे पान सरकवते. वाचेल ती. माझं अक्षर तिला लागतं. वरच लिहिते मोठ्या अक्षरात. हात लावू नकोस. बाहेर ने. जमिनीखाली

मामा पहार घेऊन आलेत. कडी हलते. गाडी चालू झाली, जातेय

कडी तुटली, ताई आत आली, रडते आहे, खोकते आहे, दोन्ही हात पसरून, ताई तिथेच थांब, जवळ नको घेऊस मला, ता